दोन्ही वल्ही एकाच बाजूला

वन्सं, गुरुवारची तारीख लागली होती, आणि तुम्ही बरोबर तीन आठवडे आधी निघून गेलात. तारखा पुढे ढकलायची सवय कोर्टाची. तुम्हाला ती कधीच नव्हती. या एका वेळेला थोडं ढकललं असतं तर काय बिघडलं असतं?

बघा, सुरुवातच भांडणाने झाली. मीना म्हणाली, "आई, आत्याबद्दल लिहितेस तर नीट लिही. जन्म कुठला, शिक्षण किती, किती वर्षं शाळेत शिकवलं." मी म्हटलं, ते तुझ्या आत्याला ठाऊक आहे, तिला परत कशाला सांगू? मला तुमच्याशी बोलायचंय. आठ वर्षं भांडणाचं आपण वकिलांच्या तोंडून बोललो. आता मधे कुणी नाही, तेवढ्यात सगळं बोलून घेते.

काशीच्या आपल्या ब्रह्मा घाटावरच्या घरातली, स्वयंपाकघरातली ती भिंत. मी सून होऊन आले तेव्हा तुम्ही लग्न होऊन पुण्याला जाऊन दोन वर्षं झाली होती, आणि पहिल्या श्रावणात माहेरी आला होतात. देवघरात जिवतीचा कागद नव्हता. कागदाच्या जागी अख्खी भिंत होती. वर नरसिंह, त्याखाली मुलं खेळवणाऱ्या जिवत्या, हत्तीवरचा बुध, वाघावरचा बृहस्पती, आणि सगळ्यात खाली कालियाच्या डोक्यावर नाचणारा कृष्ण. पण कृष्णाची यमुना कसली, तुमच्या आईने, अक्कांनी, सरळ आपली गंगाच काढली होती. पायऱ्या, छत्र्या, आणि एक होडी. आणि त्या होडीची दोन्ही वल्ही एकाच बाजूला.

मी एकोणीस वर्षांची, शहाणपणा उतू जात होता. अक्कांनी दरवर्षीसारखा रंगाचा हात फिरवायला माझ्याकडे कुंचला दिला, तर मी म्हटलं, "वन्सं, अशी होडी चालायची नाही. गोल गोल फिरेल."

तुम्ही पोळी लाटत होतात. मान वर न करता म्हणालात, "फिरू दे. आमच्या घाटाची होडी आहे, तिला कुठं जायचंय?"

आणि अक्का हसल्या. मग मला बाजूला घेऊन त्यांनी जे सांगितलं ते मी आयुष्यभर विसरले नाही. विसरले नाही म्हणूनच पुढे जे केलं ते जास्त वाईट. त्या म्हणाल्या, "शकू, सगळ्याला रंग लाव. वल्ह्यांना हात लावू नकोस. ती होडी सुमीने आठ वर्षांची असताना काढली, वल्ही माहेरी आली की तीच रंगवते. मी दरसाल श्रावण सरला की भिंतीला चुना मारून चित्र पुसायची. त्या वर्षी पुसवेना. तेव्हापासून आहे."

म्हणजे काय, वन्सं, तर ते चित्र टिकलं ते तुमच्या चुकीमुळे. नाहीतर चुन्याखाली गेलं असतं. मग गल्लीतल्या छापखानेवाल्याने ते कागदावर उतरवलं, काशीतली मराठी घरं मागायला लागली, मग ग्वाल्हेर, इंदूर, नागपूर. पाकिटावर 'अक्कांची जिवती' लिहिलं गेलं. तुम्ही दर वर्षी एक गठ्ठा पुण्याला न्यायचात, पुढे तिकडेच छापायला लागलात. अक्का थकल्या होत्या, पण दोघींना समोर बसवून म्हणाल्या होत्या, "दोघी छापा. भांडू नका." आपण त्यातलं अर्धं ऐकलं.

भांडण कुणी सुरू केलं यावर आपलं कधी एकमत व्हायचं नाही. तुम्ही म्हणाल, मीनाने काशीची पाकिटं फोनवरून विकायला काढली आणि ती थेट पुण्याच्या पेठेत, तुमच्या मुलाच्या, श्रीच्या दुकानासमोरच्या बिल्डिंगीत जाऊन पोचली. मी म्हणेन, तुमच्या श्रीने 'अक्कांची जिवती' हे नाव तुमच्या दोघांच्या नावावर नोंदवून घेतलं आणि मामीला एका ओळीने विचारलं नाही. एका सकाळी मी तुळशीला पाणी घालत होते, तर पोस्टमन पुण्याच्या कोर्टाचं समन्स घेऊन दारात. वाचलं. वादी एक, सुमती. वादी दोन, श्रीकांत. प्रतिवादी, शकुंतला. मी पायरीवरच बसले. मला वाटलं होतं माझं नाव तुमच्या नावाशेजारी फक्त लग्नपत्रिकांमधे येईल.

मग मीही इथल्या कचहरीत दावा लावला. चित्र इथलं, भिंत इथली, म्हणून चित्राचा हक्क आमचा. माझी वकील रचना, तुम्हाला फोनवर नमस्ते करायची ती, तिने मला पहिल्या दिवशी समजावलं. नाव नोंदलेलं असेल किंवा चित्र आपलं असेल, तर नक्कल करणाऱ्याच्या गावी जावं लागत नाही. आपल्याच गावच्या जिल्हा कोर्टात दावा लावता येतो. मी म्हटलं, फार चांगला कायदा आहे, म्हाताऱ्या माणसाचा विचार केलेला. ती म्हणाली, "हाँ माताजी, पर उधर भी बुज़ुर्ग ही बैठी हैं ना।" खरंच की. दोघी म्हणणार चित्र माझं, दोघी आपापल्या गावी दावा लावणार. एक भांडण, दोन गावं, दोन न्यायाधीश. उद्या पुण्याने म्हटलं होडी तुमची आणि काशीने म्हटलं आमची, तर होडीने जायचं कुणाकडे? म्हणून दोन्ही दावे एकाच कोर्टासमोर आणायचे. पण कोणत्या? दोन राज्यांतला मामला, तेव्हा ते दिल्ली ठरवणार, सगळ्यात वरचं कोर्ट.

मी चौथी पास बाई, वन्सं. 'ट्रान्सफर' म्हटलं की मला रेल्वेतले बाबू आठवायचे. त्या वर्षी मी कागद लावून लावून वाचायला शिकले. शब्दाखाली बोट ठेवून. अडलं की रचनाला विचारायचं, तिला अडलं की ती मोठ्या वकिलाला विचारायची. मीना म्हणते, आईने पाकिटं कमी आणि फायली जास्त केल्या.

आणि मग आपण दोघींनी दिल्लीला अर्ज केले. मी म्हटलं, पुण्याचा दावा काशीला पाठवा, माझे गुडघे गेलेत. तुम्ही म्हटलंत, काशीचा पुण्याला पाठवा, मला दमा आहे. रचना वाचून दाखवायची आणि मी तोंडाला पदर लावून हसायची. लग्नाच्या वयाच्या मुलींचे गुण सांगतात तसे आपल्या दोघींच्या वकिलांनी आपले रोग सांगितले. माझ्या गुडघ्याचा फोटो दिल्लीला गेला, तुमच्या छातीचा गेला. अक्का असत्या तर म्हणाल्या असत्या, मेल्यांनो, एकीला तरी धड ठेवा.

तोवर आपण फोनवर बोलत होतो, आठवतं? दर एकादशीला. नियम ठरलेला: केसचं सोडून. तुम्ही साबुदाण्याचं विचारायचात, मी श्रीच्या मुलीच्या परीक्षेचं. असं मला वाटत होतं की कोर्ट एका खोलीत आहे आणि आपण दुसऱ्या.

मग तुमचं शपथपत्र आलं. त्यात लिहिलेलं, "प्रतिवादी कार्तिक महिन्यात रोज पहाटे पंचगंगा घाटाच्या सर्व पायऱ्या उतरून स्नानास जातात व चढून येतात, सबब त्यांना प्रवास अशक्य आहे हे खोटे आहे." वन्सं, हे मीच तुम्हाला फोनवर सांगितलं होतं. मोठ्या कौतुकाने सांगितलं होतं. गुडघे बांधून उतरते, वर यायला पाऊण तास लागतो, हेही सांगितलं होतं. तेवढं मात्र वकिलाने घेतलं नव्हतं.

मी काही साधूबाई नाही. मीही लिहवून दिलं की तुम्ही महिला मंडळाबरोबर डोंगरावरच्या देवीला जाऊन आलात आणि वर फुगडी घातलीत. ते तुम्ही मला सांगितलं होतं. त्यानंतर अकरा महिने एकादशीला फोन वाजला नाही.

आणि आता ते सांगते जे तुम्ही आल्यावर सांगायचं ठरवलं होतं. त्या रागात मी सहीच्या कागदावर एक वाक्य घालून घेतलं. "संपूर्ण चित्र माझ्या सासूबाईंनी स्वहस्ते काढले असून त्यात अन्य कोणाचाही हात नाही." रचनाने विचारलं होतं, पक्कं ना माताजी? होडीवर तुमचा हात आहे म्हटलं तर चित्रात तुमचा वाटा आला. मी म्हटलं, पक्कं. आणि सही केली. शपथेवर. त्याच स्वयंपाकघरात बसून, त्या होडीकडे पाठ करून.

पाठ केली म्हणून होडी दिसायची थांबते का? तुमचं येणं कमी झालं तशी वल्ही फिकी होत गेली होती. बाकी सगळ्या चित्राला मी दर श्रावणात रंग लावते, वल्ह्यांना हात लावत नाही. अक्कांचं तेवढं मात्र पाळलं. बाकी सगळं मोडून.

तुमचा फोन आला तो माघात, दुपारी. 'हॅलो' नाही, 'कशी आहेस' नाही.

"शके, होडी सरळ केली गं त्यांनी."

मला आधी कळलंच नाही. मग तुम्ही सांगितलंत. दिल्लीला द्यायच्या फायलीत वकिलाने दोन्ही कागद शेजारी शेजारी लावले होते, काशीचा आणि पुण्याचा, तुलना करायला. सहीसाठी तुमच्यासमोर आले. श्रीच्या दुकानातल्या पोराने कॉम्प्युटरवर चित्र नवं केलं होतं आणि एक वल्हं उचलून पलीकडच्या बाजूला लावलं होतं. त्याला वाटलं चूक आहे. त्याचं काय चुकलं? मलाही एकोणिसाव्या वर्षी तेच वाटलं होतं.

"किती वर्षं विकतोय आम्ही ती," तुम्ही म्हणालात, "मी बघितलंच नव्हतं. आणि तुझ्या कागदावर तशीच आहे."

मी म्हटलं, "आमच्या घाटाची होडी आहे. तिला कुठं जायचंय?"

मग आपण दोघी हसलो का रडलो, ते मला आता सांगता येत नाही. तुम्हाला खोकला आला एवढं आठवतं. त्या फोनवर मी सांगायला हवं होतं. वन्सं, मी खोटं लिहून दिलंय, असं पाच शब्दांत झालं असतं. ओठावर आलं होतं. पण तुम्ही इतक्या खुशीत होतात, म्हटलं, समोर आल्यावर सांगेन, पाय धरून सांगेन. माणूस समोर येणारच आहे असं धरून आपण किती बोलायचं ठेवून देतो.

तुम्ही दिल्लीला कळवलंत की दावे काशीला जायला तुमची हरकत नाही. श्री संतापला होता म्हणे. "आई, तू नक्की कुणाच्या बाजूची आहेस?" आणि तुम्ही म्हणालात, "होडीच्या." हे त्यानेच मला सांगितलं, परवा, ई-रिक्षात.

हो, श्री आला. तेच तर सांगायचंय.

इथला सावन आपल्या श्रावणाच्या पंधरा दिवस आधी लागतो, ते तुम्हाला माहीत आहे. त्यामुळे आपला श्रावण सुरू झाला तेव्हा गल्ल्या आधीच भगव्या कपड्यांनी भरलेल्या, आणि गंगा इतकी वर चढलेली की होड्या बंद. श्री बुधवारी संध्याकाळी पिशवी छातीशी धरून दारात उभा राहिला. प्रतिवादीच्या घरी उतरू का, असं विचारायला तोंड उघडत होता, मी म्हटलं, "पाय धू, आमटी गरम आहे." अस्थी त्याने गुरुवारी सकाळी पंचगंगेच्या वरच्या पायऱ्यांवरूनच सोडल्या. ते मी लिहीत नाही. तिथून आम्ही दोघं एकाच रिक्षात कचहरीला गेलो, वादी आणि प्रतिवादी. वाटेत तो फक्त 'होडीच्या' एवढंच बोलला.

पुण्याची फाइल आली होती. लाल दोरीने बांधलेली, तुमच्या सह्या असलेली. आमच्या फाइलीवर ठेवली होती. माझ्या मनात आलं, चला, निदान कागद तरी एका बिऱ्हाडात राहायला आले.

पुकारा झाला. तुम्ही गेल्याचं श्रीच्या वकिलाने सांगितलं, जजसाहेबांनी मान खाली घालून लिहून घेतलं. मग मी उठले. रचनाने पदर धरला. "माताजी, अभी नहीं। बैठिए।" मी म्हटलं, बेटा, सोड. आठ वर्षं बसलेय.

"साहब, हमको एक बात कहनी है। हमने जो हलफ़नामा दिया है, उसमें एक बात झूठ है।"

मी सांगितलं. चित्र सासूबाईंचं, पण होडी माझ्या नणंदेची. ती आठ वर्षांची असताना काढलेली. सासूबाईंनी मला स्वतः सांगितलं होतं, मला ठाऊक होतं, आणि ठाऊक असून मी रागाने उलटं लिहवलं.

जजसाहेबांनी चष्मा काढला. "अम्मा, आप समझ रही हैं न, यह आपके ख़िलाफ़ जाएगा?"

"समझ रही हूँ साहब। तभी तो इतना वक़्त लग गया।"

मागे कुणीतरी हसलं. ते हसले नाहीत, पण रागावलेही नाहीत. लेखी अर्ज द्या म्हणाले, खोट्या शपथेचं काय करायचं ते तेव्हा बघू. मग श्रीकडे वळून विचारलं, दोघं बसून काही मार्ग काढणार का? श्री माझ्याकडे बघत होता. वन्सं, तुमचे डोळे आहेत त्याला, हे मी इतक्या वर्षांत पाहिलंच नव्हतं. तो म्हणाला, "साहब, थोड़ा टाइम दीजिए।" दिवाळीनंतरची तारीख मिळाली, आणि भिंत बघायला कोर्टाचा कमिशनर, म्हणजे तपासणीचा माणूस, येईल असं ठरलं.

घरी आल्यावर तो सरळ स्वयंपाकघरात गेला. मुंजीनंतर या घरात आला नव्हता. तेव्हा भिंतीकडे कुठलं पोर बघतं? उभा राहून शोधत होता. मी म्हटलं, "खाली." कागदावर सगळं एका मापात बसवलंय, पण भिंतीवर होडी गुडघ्याच्या थोडी वर आहे. आठ वर्षांच्या मुलीने चित्राखाली मोकळी जागा बघून जमिनीवर बसून काढली, आणि मग अक्कांनी वरची नदी खाली आणून तिला पाणी दिलं. म्हणून आपल्या जिवतीतली गंगा इतकी लांबलचक.

श्री उकिडवा बसला. मग म्हणाला, "मामी, एक सांगू? आईची बॅग भरलेली होती. या तारखेची. दोन लुगडी, औषधं, आणि एका रुमालात गुंडाळलेला बारीक कुंचला. आई कधीच काही रंगवायची नाही. मला कळेना हा कशाला. इथे विचारावं म्हणून घेऊन आलो."

मी चौकातून काळ्या रंगाची छोटी डबी मागवली आणि त्याच्या हातात दिली. एवढंच म्हटलं, "सरळ करू नकोस."

"नाही हो मामी," तो म्हणाला. आणि लहान मुलासारखी जीभ बाहेर काढून त्याने दोन्ही वल्ही रंगवली. एकाच बाजूला. एक वल्हं जरा जाड झालंय. तुम्ही नावं ठेवाल. ठेवा.

मग पाण्याचा ग्लास हातात घेऊन म्हणाला, पुण्याचा छापही तसाच करतो पुन्हा. पाकिटाचं नाव दोघांचं कसं ठेवायचं ते वकिलांना विचारू. रचना म्हणते, ठेवता येईल, कागद करावे लागतील. मी म्हटलं, कर बाई, कागद करण्यात माझी हयात गेली, अजून चार.

दुसऱ्या दिवशी शुक्रवार, श्रावणातला पहिला. कुणी म्हणालं, त्याची आई नुकतीच गेली, यंदा सण नसतो, त्याला ओवाळू नका. मी म्हटलं, जिवती लेकरांची राखण करते. आई गेलेल्या लेकरालाच वगळून कसं चालेल? त्याला पाटावर बसवला, औक्षण केलं, पुरणाचं जेवू घातलं.

आणि अक्षता. तुम्हीही टाकायचात ना, मुलं लांब असतील त्या दिशेला? मीही टाकते. मीना लखनौला होती तोवर तिच्यासाठी, आणि श्री जन्मला तेव्हापासून त्याच्यासाठी खिडकीच्या कोपऱ्याकडे, पुण्याच्या दिशेला. केस चालू होती तेव्हाही, वन्सं. समन्स आलं त्या श्रावणातही. हे कुठल्याच शपथपत्रात नाही, म्हणून इथे लिहून ठेवते.

या वेळी सवयीने मूठ भरली, खिडकीकडे वळले, आणि थांबले. पुण्याचा मुलगा समोर बसून पुरणपोळीवर तूप मागत होता. मूठ तशीच राहिली. मग मी खाली वाकले, गुडघे काय म्हणायचं ते म्हणाले, आणि त्या अक्षता तुमच्या होडीवर वाहिल्या.

पावसाळी हवेने रंग अजून ओलसर होता. बाकी सगळे दाणे खाली पडले. एक त्या जाड वल्ह्याला चिकटून बसलाय. मीना म्हणाली, पुसू का? मी म्हटलं, राहू दे. दिवाळीनंतर कमिशनर भिंत बघायला येणार आहे, त्याला दाखवायचाय.